मसाला घरचा, मीठ मोजून

बचत म्हटली की आपल्या डोळ्यांसमोर पैसा उभा राहतो. परंतु संसारातील काही खर्च असे असतात की, त्यांची नोंद कोणत्याही वहीत होत नाही आणि वसुली मात्र कित्येक वर्षांनी, व्याजासह होते. मिठाचा खर्च हा त्यांपैकी एक. आमटीत वा भाजीत पडणारे मीठ आपल्या हातून जाते, म्हणून त्याचा थोडाफार अंदाज आपल्याला असतो. बंद पाकिटातून येणारे मीठ मात्र आपल्या खात्याला परस्पर नावे पडलेले असते.

झटपट नूडल्स हे याचे घरोघरी आढळणारे उदाहरण आहे. शाळेतून आलेली मुले, वसतिगृहातील विद्यार्थी, परगावी एकटे राहणारे नोकरदार, मार्चअखेरीस उशिरापर्यंत थांबणारे आपले सहकारी या सर्वांनाच हा पदार्थ हाताशी असतो. तो घरातून हद्दपार करावा असा उपदेश करणे सोपे आहे. तो पाळला जाणे कठीण. त्यापेक्षा, पाकिटातील मसाल्याची पुडी बाजूला ठेवून तिच्या जागी घरी केलेला, मीठ नसलेला मसाला वापरणे हा अधिक व्यवहार्य मार्ग आहे. तो कसा करावा आणि त्याने नेमके काय साधते, हे प्रस्तुत लेखात पाहू.

नूडल्स आणि पुडी

झटपट नूडल्सचा जन्म जपानमध्ये झाला. मोमोफुकु आंदो या उद्योजकाने ओसाकाजवळील इकेदा येथे, आपल्या घरामागील लहानशा खोपटात प्रयोग करून १९५८ साली हा पदार्थ बाजारात आणला. शिजवलेल्या नूडल्स तेलात तळल्या की त्यांतील पाण्याची वाफ होऊन निघून जाते व मागे सूक्ष्म छिद्रे राहतात. पुढे गरम पाणी मिळताच ते या छिद्रांतून आत शिरते आणि नूडल्स काही मिनिटांत मऊ होतात. आंदो यांच्या पहिल्या नूडल्समध्ये मसाला नूडल्सनाच लावलेला होता. स्वतंत्र पुडीची पद्धत नंतर रूढ झाली.

ही स्वतंत्र पुडी आपल्या दृष्टीने सोयीचीच ठरते. मिठाचा मोठा वाटा तिच्यात असतो आणि ती फोडायची की नाही, हे ठरविणे आपल्या हाती आहे. मात्र नूडल्सच्या वडीतही काही मीठ असतेच, हे विसरून चालणार नाही.

मिठाचा हिशेब

आपले साधे मीठ म्हणजे सोडियम क्लोराइड. वजनाच्या दृष्टीने त्यात सुमारे ४० टक्के सोडियम असते. म्हणून सोडियमच्या आकड्याला अडीचने गुणले की मिठाचे वजन मिळते. जागतिक आरोग्य संघटनेच्या शिफारशीनुसार प्रौढ व्यक्तीच्या आहारात दिवसाला २००० मिलिग्रॅमपेक्षा कमी सोडियम, म्हणजे ५ ग्रॅमपेक्षा कमी मीठ असावे. लहान मुलांसाठी ही मर्यादा त्यांच्या आहाराच्या प्रमाणात आणखी खाली येते. प्रत्यक्षात जगातील प्रौढ माणसे सरासरी याच्या दुपटीहून अधिक मीठ खातात, असे याच संघटनेचा अंदाज सांगतो.

सोडियम शरीरात पाणी धरून ठेवते. ते वाढले की रक्तवाहिन्यांतील द्रवाचे प्रमाण वाढते आणि जादा सोडियम बाहेर टाकण्याचा भार मूत्रपिंडांवर पडतो. हे वर्षानुवर्षे चालू राहिले की रक्तदाब वाढतो, आणि वाढलेला रक्तदाब बहुधा कोणतीही सूचना न देता हृदय, मेंदू व मूत्रपिंड यांना इजा करीत राहतो. अमेरिकेतील ‘डॅश-सोडियम’ या प्रयोगाचे निष्कर्ष २००१ साली प्रसिद्ध झाले. आहारातील सोडियम टप्प्याटप्प्याने कमी करताच रक्तदाब उतरतो, आणि ज्यांना उच्च रक्तदाबाचा विकार नव्हता अशांतही तो उतरतो, असे त्यात दिसून आले. आपल्याकडे भारतीय आयुर्विज्ञान संशोधन परिषदेच्या सहकार्याने झालेल्या व २०२३ साली प्रसिद्ध झालेल्या देशव्यापी पाहणीत सुमारे ३५ टक्के प्रौढांमध्ये उच्च रक्तदाब आढळला. म्हणजे चार-पाच माणसांच्या कुटुंबात एकाला तरी हा विकार असण्याची शक्यता बरीच आहे.

वेष्टन कसे वाचावे

पासबुकातील नोंदी आपण जितक्या बारकाईने तपासतो, तितक्याच बारकाईने वेष्टनाची मागील बाजू वाचावी. भारतीय अन्नसुरक्षा व मानके प्राधिकरणाच्या २०२० च्या विनियमांनुसार पोषणविषयक माहितीत सोडियमचे प्रमाण मिलिग्रॅममध्ये देणे आवश्यक आहे. त्याचबरोबर एका वाढणीतून दिवसाच्या २००० मिलिग्रॅमपैकी किती टक्के वाटा येतो, हेही सांगावे लागते.

एक उदाहरण घेऊ. समजा, वेष्टनावर ‘प्रति १०० ग्रॅम १२०० मि.ग्रॅ. सोडियम’ असे लिहिले आहे आणि पाकीट ७० ग्रॅमचे आहे. तर त्या एका पाकिटात ८४० मि.ग्रॅ. सोडियम, म्हणजे २.१ ग्रॅम मीठ झाले. दिवसाच्या मर्यादेपैकी ४२ टक्के एकाच बशीत संपले. भुकेलेल्या तरुणाने दोन पाकिटे खाल्ली तर हा आकडा ८४ टक्क्यांवर जातो, आणि दोन वेळचे जेवण अद्याप बाकीच असते. ‘प्रति १०० ग्रॅम’ आणि ‘प्रति वाढणी’ या दोन रकान्यांत गल्लत होऊ नये, तसेच पाकिटात किती वाढण्या धरल्या आहेत हेही पाहावे.

घटकांच्या यादीत ‘मीठ’ या शब्दाखेरीज अन्य नावांनीही सोडियम येते. मोनोसोडियम ग्लुटामेट (क्रमांक ६२१), डायसोडियम रायबोन्युक्लिओटाइड (क्रमांक ६३५), सोडियम बायकार्बोनेट म्हणजे खाण्याचा सोडा, ही त्यांतील काही. यांतील मोनोसोडियम ग्लुटामेटविषयी बराच गैरसमज आहे. त्यात सोडियम सुमारे १२ टक्के, म्हणजे मिठाच्या तिसऱ्या हिश्श्याहूनही कमी असते. खरा भार साध्या मिठाचाच असतो.

मीठ काढले तर चव कशाने आणावी?

केवळ मीठ कमी केलेला पदार्थ बेचव लागतो आणि चार दिवसांत सारे पूर्ववत होते. म्हणून मिठाने सोडलेली जागा इतर चवींनी भरून काढावी लागते. त्यासाठी चार गोष्टी उपयोगी पडतात.

पहिली आंबटपणा. आमचूर वा लिंबू यांनी जीभ चाळवते आणि मिठाची उणीव कमी जाणवते. दुसरी सुगंध. धने, जिरे, मिरी, लवंग भाजले की त्यांचा वास खुलतो, आणि आपण जिला चव म्हणतो तिचा मोठा भाग वासाचाच असतो. तिसरा तिखटपणा, तोही बेताचा. चौथी गोष्ट म्हणजे रुचकर, मांसल अशी चव, जिला जपानी भाषेत ‘उमामी’ म्हणतात. किकुनाए इकेदा या जपानी रसायनशास्त्रज्ञाने १९०८ साली समुद्री शेवाळापासून ही चव देणारे ग्लुटामेट वेगळे केले. तेच द्रव्य पिकलेल्या टोमॅटोत व सुकवलेल्या अळंबीतही नैसर्गिकरीत्या असते. त्यामुळे टोमॅटोची पूड हा आपल्या मसाल्याचा कणा ठरतो.

साहित्य

(मोठा चमचा १५ मि.लि., लहान चमचा ५ मि.लि.; सर्व मापे सपाट.)

भाजण्यासाठी: धने ४ मोठे चमचे, जिरे १ मोठा चमचा, बडीशेप १ लहान चमचा, काळी मिरी १ लहान चमचा, मेथीदाणे पाव लहान चमचा, लवंगा ४, दालचिनीचा बोटाच्या पेराएवढा तुकडा, बेडगी मिरच्या ४.

पूड स्वरूपात: कांद्याची पूड २ मोठे चमचे, टोमॅटोची पूड २ मोठे चमचे, लसणाची पूड १ मोठा चमचा, आमचूर २ लहान चमचे, हळद १ लहान चमचा, सुंठ १ लहान चमचा, साखर २ लहान चमचे, डाळ्याचे पीठ १ मोठा चमचा. आवडत असल्यास सुक्या अळंबीची पूड १ मोठा चमचा.

डाळ्याच्या पिठाने रस्सा मिळून येतो. कांदा, लसूण व टोमॅटो यांच्या पुडी हल्ली बहुतेक शहरांतील मसाल्याच्या दुकानांत मिळतात. इंदूर-बडोद्याकडील वा हैदराबाद-बेंगळुरूकडील वाचकांनाही त्या शोधाव्या लागणार नाहीत. विकत घेताना त्यांत मीठ मिसळलेले नाही, याची वेष्टनावरून खात्री करून घ्यावी. घरी करावयाच्या असल्यास कांद्याचे वा लसणाचे पातळ काप कडक उन्हात, मोडल्यावर कट्‌कन आवाज येईपर्यंत वाळवावेत आणि मग दळावेत. तळलेला कांदा येथे चालणार नाही; तेलामुळे मसाला लवकर खवट होतो.

कृती

जाड बुडाच्या कढईत, तेल न घालता, मंद आचेवर प्रथम धने भाजावेत. रंग किंचित बदलून वास सुटला की काढून घ्यावेत. नंतर जिरे व बडीशेप, मग मिरी, लवंगा, दालचिनी व मेथीदाणे भाजावेत. मेथी तांबूस होताच उतरवावी. जास्त भाजली तर मसाला कडू होतो. शेवटी मिरच्या कुरकुरीत होण्यापुरत्या गरम कराव्यात. प्रत्येक जिन्नस वेगळा भाजण्याचे कारण एवढेच की, प्रत्येकाला लागणारा वेळ वेगळा असतो.

सर्व साहित्य ताटात पसरून पूर्ण थंड होऊ द्यावे. कोमट असताना दळल्यास वाफ धरते आणि पुढे गुठळ्या होतात. थंड झाल्यावर बारीक दळावे, चाळावे, त्यात सर्व पुडी व साखर मिसळून पुन्हा एकदा मिक्सरमधून फिरवावे. हा मसाला सुमारे १०० ग्रॅम भरतो. एका पाकिटातील नूडल्सना दोन लहान चमचे, म्हणजे सुमारे ५ ग्रॅम पुरतो; म्हणून एकदा केलेला मसाला सुमारे वीस वेळा होतो.

कोरड्या, घट्ट झाकणाच्या काचेच्या बरणीत तो भरावा. कांदा-टोमॅटोच्या पुडी हवेतील ओलावा पटकन शोषतात, म्हणून ओला चमचा बरणीत घालू नये आणि उकळत्या पातेल्यावर बरणी धरून मसाला भुरभुरू नये. पावसाळ्यात बरणी शीतकपाटात ठेवावी. दोन महिन्यांत संपेल इतकाच मसाला एका वेळी करावा.

या कृतीत मीठ कोठेही आलेले नाही, ही गोष्ट वाचकांच्या लक्षात आली असेल. ते जाणूनबुजून वगळले आहे. बरणीत एकदा मीठ मिसळले की ते पुन्हा मोजता येत नाही; मसाला जास्त लागला की मीठही जास्त जाते. मीठ वेगळे राहिले तर एकाच पातेल्यातील नूडल्स आजोबांना बिनमिठाच्या, आणि मैदानावरून घाम गाळून आलेल्या नातवाला चिमूटभर मिठाच्या वाढता येतात. कोणासाठी वेगळे शिजवावे लागत नाही आणि पथ्यावर असलेल्या माणसाला पंगतीतून उठवल्यासारखे वाटत नाही.

नूडल्स शिजवताना

भरपूर पाण्यात नूडल्स शिजवून ते पाणी ओतून द्यावे. वडीतील मिठाचा काही अंश त्याबरोबर निघून जातो. दुसऱ्या पातेल्यात लहान चमचाभर तेलावर चिरलेला कांदा, गाजर, मटार, कोबी परतून घ्यावा. दोन लहान चमचे मसाला घालून क्षणभर हलवावे, अर्धी वाटी पाणी घालून उकळी आणावी आणि त्यात नूडल्स घालाव्यात. आच बंद केल्यावर लिंबू पिळावे व कोथिंबीर पेरावी. मीठ घालावयाचे असल्यास ते सर्वांत शेवटी, बशीत वाढल्यावर वरून घालावे. पृष्ठभागावरील मीठ जिभेला लगेच जाणवते, त्यामुळे थोडेसेही पुरते.

सोया सॉस, केचप, चाट मसाला व लोणचे यांपासून मात्र सावध राहावे. सोया सॉसच्या एका मोठ्या चमच्यात सुमारे ९०० मि.ग्रॅ. सोडियम असते. पुडी वाचवून सॉस ओतला तर एका खात्यातील बचत दुसऱ्या खात्यातून खर्च केल्यासारखे होईल. तीच गोष्ट उरलेल्या पुडीची. ‘वाया कशाला घालवायची’ म्हणून ती पोह्यांवर वा अंड्यावर घातली जाते आणि मीठ घरातल्या घरात फक्त जागा बदलते.

ताळेबंद

आता प्रत्यक्ष बचत किती होते, ते पाहू. वरील उदाहरणातील ८४० मि.ग्रॅ. सोडियमपैकी ३०० वडीत व ५४० पुडीत आहे, असे समजू. ही विभागणी केवळ हिशेबासाठी धरली आहे. वेष्टनावर बहुधा एकत्रित आकडाच असतो. ५ ग्रॅम घरच्या मसाल्यात नैसर्गिक सोडियम जेमतेम ५ मि.ग्रॅ. धरू. सपाट लहान चमचाभर मिठात सुमारे २३०० मि.ग्रॅ. सोडियम असते, म्हणून पाव चमच्यात ते सुमारे ५७५ होते. कागदावर पाव चमचा मीठ घेऊन सुरीच्या पात्याने त्याचे चार समान भाग केले, तर एका भागात सुमारे १४५ मि.ग्रॅ. सोडियम येईल.

पाकिटातील पुडीसह: ८४० मि.ग्रॅ.
घरचा मसाला, मीठ नाही: ३०५ मि.ग्रॅ.
घरचा मसाला व मिठाचा एक भाग: ४५० मि.ग्रॅ.
घरचा मसाला व मिठाचे दोन भाग: ५९५ मि.ग्रॅ.
घरचा मसाला व पूर्ण पाव चमचा मीठ: ८८० मि.ग्रॅ.

शेवटची ओळ मुद्दाम वाचावी. घरचा मसाला वापरूनही हात सैल सुटला, तर सोडियम पाकिटापेक्षा अधिक होते. ‘घरचे’ या शब्दाने मीठ कमी होत नाही. ते मोजल्याने कमी होते. चार भागांचा हा प्रयोग एकदा तरी करावा. एक भाग डोळ्यांनी पाहिला की चिमूट केवढी असावी, हे हाताला पुन्हा सांगावे लागत नाही.

हा बदल एकदम करण्याची आवश्यकता नाही. पहिल्या एक-दोन खेपांना अर्धी पुडी व एक चमचा घरचा मसाला, नंतर पाव पुडी व दीड चमचा मसाला, त्यानंतर पुडी बंद करून मिठाचे दोन भाग आणि शेवटी एक भाग, अशा पायऱ्यांनी उतरावे. एकंदर आहारातच मीठ कमी झाले, तर काही आठवड्यांत जीभ कमी मिठाला सरावते आणि पूर्वीचाच पदार्थ खारट लागू लागतो.

काही खुलासे

सैंधव, काळे मीठ वा समुद्री मीठ वापरले तर चालेल का, असे अनेक जण विचारतात. ही सर्व मुख्यतः सोडियम क्लोराइडच आहेत. रंग व वास वेगळा असला तरी सोडियमच्या हिशेबात फारसा फरक पडत नाही. जे थोडे मीठ वापरावयाचे, ते आयोडीनयुक्तच असावे.

बाजारात कमी सोडियमचे मीठही मिळते. त्यात सोडियम क्लोराइडचा काही भाग काढून त्याऐवजी पोटॅशियम क्लोराइड घातलेले असते. चीनमधील ६०० खेड्यांत सुमारे २१ हजार व्यक्तींवर असे मीठ वापरून पाहण्यात आले. २०२१ साली प्रसिद्ध झालेल्या निष्कर्षांनुसार, ते वापरणाऱ्यांमध्ये पक्षाघाताचे प्रमाण सुमारे १४ टक्क्यांनी कमी आढळले. जागतिक आरोग्य संघटनेनेही २०२५ साली घरगुती वापरासाठी अशा मिठाचा पर्याय सुचविला. मात्र गर्भवती स्त्रिया, लहान मुले व मूत्रपिंडाचे विकार असलेल्या व्यक्ती यांना ही शिफारस लागू केलेली नाही. दुर्बल मूत्रपिंडांना जादा पोटॅशियम बाहेर टाकता येत नाही आणि त्याचा परिणाम हृदयाच्या ठोक्यांवर होऊ शकतो. रक्तदाबावरील काही औषधांनीही शरीरातील पोटॅशियम वाढते. म्हणून असे मीठ आणण्यापूर्वी आपल्या डॉक्टरांना विचारणे आवश्यक आहे. तसेच, मीठ कमी केले म्हणून रक्तदाबाची गोळी स्वतःहून बंद वा कमी करू नये.

आणखी एक गोष्ट स्पष्ट करणे योग्य होईल. घरच्या मसाल्याने सोडियमचा प्रश्न बराचसा सुटतो. मैदा व तळणीचे तेल मात्र वडीत तसेच राहते. म्हणून या नूडल्स रोजच्या जेवणाची जागा घेऊ शकत नाहीत. पंधरवड्यातून एखादे वेळी, भरपूर भाज्या घालून खाव्यात. हाच मसाला उपमा, शेवयांचा तिखट उपमा, उकडलेले मके वा बटाटे यांनाही उत्तम लागतो, आणि तेथे तर मिठाची संपूर्ण सूत्रे आपल्याच हाती असतात.

परगावी शिकणाऱ्या मुलाला वा मुलीला आपण लाडू-चिवड्याचे डबे देतो. पुढच्या वेळी त्या डब्यांत या मसाल्याची एक बरणी ठेवावी आणि मिठाचे चार भाग कसे करावयाचे, ते एकदा समोर बसवून दाखवावे. वाढता रक्तदाब चाळिशीत लक्षात येतो. ज्या सवयींनी तो वाढतो, त्यांतील पुष्कळशा विशीतच जडलेल्या असतात.